हकालपट्टीपूर्वीचा एक महिना
आजच्या जालना जिल्ह्याचा मुलूख १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. तेथे सहकारी पतसंस्थांचा कायदा १९१४ मध्ये झाला आणि सावकाराच्या दारात एकेकट्याने उभ्या राहणाऱ्या शेतकऱ्यांना एकमेकांच्या भरवशावर कर्ज उभारण्याची कायदेशीर वाट मिळाली. त्याआधी गावातला माणूस ज्या समूहात असे तो त्याने निवडलेला नसे. जात जन्माने मिळे, आणि जातपंचायतीने वाळीत टाकले, म्हणजे रोटीबेटीचा व्यवहार तोडला, की परत येण्यासाठी प्रायश्चित्त घेऊन गोताला, अर्थात जातभाईंना, जेवण घालावे लागे. अंबड आणि घनसावंगी तालुक्यांच्या कडेने वाहणाऱ्या गोदावरीच्या वरच्या अंगाला पैठणची ब्रह्मसभा अशा प्रायश्चित्ताच्या निर्णयांसाठी प्रसिद्ध होती.

सहकारी संस्थेत मात्र माणूस अर्ज करून आणि भाग घेऊन येतो, म्हणून त्याला काढायचे कसे हे आधीच लिहून ठेवणे भाग पडते. १९५२ चा हैदराबादचा सहकार कायदा जाऊन २६ जानेवारी १९६२ पासून महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम लागू झाला, त्याच्या कलम ३५ मध्ये ही रीत आहे. हकालपट्टीचा ठराव संचालक मंडळाच्या खोलीत मंजूर होत नाही. तो सर्वसाधारण सभेपुढे यावा लागतो, हजर आणि मतास पात्र सभासदांपैकी किमान तीनचतुर्थांश सभासद त्याच्या बाजूने असावे लागतात आणि संबंधिताला आपली बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते. या अधिनियमाखालील १९६१ च्या नियमांनुसार त्याला नोटीस दिल्यापासून एक महिना उलटल्याखेरीज ती सभा घेता येत नाही. या तरतुदींत सर्वांत मोलाचा हा महिनाच आहे, कारण गावच्या सोसायटीत आरोप करणारा आणि आरोप झालेला यांचा बांध पुष्कळदा एकच असतो. महिनाभरात राग ओसरतो, पावत्या शोधता येतात, निदान लेखी खुलासा तरी देता येतो, आणि सभासद गैरहजर राहिला तरी तो खुलासा सभेला विचारात घ्यावाच लागतो.

कारणेही मोकाट सोडलेली नाहीत. देणे सातत्याने थकवणे, उपविधींप्रमाणे, म्हणजे संस्थेच्या नोंदणीकृत अंतर्गत नियमांप्रमाणे, माल संस्थेमार्फत न विकणे, संस्थेची बदनामी करणे किंवा तिच्या कामास बाधा आणणे, अशी ती आहेत. त्यांतील ‘सातत्याने’ हा शब्द अवर्षणप्रवण जिल्ह्यात फार महत्त्वाचा आहे, कारण एका दुष्काळाने थकलेला शेतकरी आणि वर्षानुवर्षे टाळाटाळ करणारा यांना एकाच मापाने मोजणे अन्यायाचे होईल.

कायद्याने इतके बारकाईने न बांधलेल्या मंडळांबाबतही न्यायालयांनी हाच दंडक धरला. बेळगावच्या एका फ्रीमेसन मंडळातील, म्हणजे खासगी बंधुसंघातील, हकालपट्टीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकाच्या आरंभी स्पष्ट केले की, मंडळाने आपल्याच नियमांप्रमाणे वागले पाहिजे. न्यायालय मंडळावर अपील ऐकत बसणार नाही, पण सद्भावाचा अभाव किंवा नैसर्गिक न्यायाचा भंग दिसल्यास, म्हणजे बाजू न ऐकताच निकाल दिल्यास, ते हस्तक्षेप करील.

सोसायटीतला ठराव सभेने मंजूर केला तरी लगेच लागू होत नाही. तो निबंधकाकडे, म्हणजे संस्थांची नोंदणी व देखरेख करणाऱ्या सरकारी अधिकाऱ्याकडे, जातो आणि त्याच्या मान्यतेनंतरच सभासदत्व संपते. काढलेल्या सभासदाला एक वर्ष पुन्हा प्रवेश मिळत नाही. विशेष परिस्थितीत, संस्थेने स्वतः अर्ज केल्यास, निबंधक त्याआधीही परवानगी देऊ शकतो.