हर्बर्ट राइनेकर: कारकीर्द नेमकी कुठून मोजायची?



रिसर्च प्रपोजलमध्ये 'कालखंड' लिहिताना आपण दोन वर्षं टाकतो आणि पुढे जातो. मी विज्ञानाचा विद्यार्थी. माझ्या पहिल्या मसुद्यावर गाईडनी विचारलं, "हेच वर्ष का?" माझं उत्तर होतं, "सर, डेटा तिथूनच मिळतो." हे उत्तर का चालत नाही, ते मला हर्बर्ट राइनेकर या जर्मन पटकथालेखकामुळे नीट कळलं.

टीव्हीपुरतं बघितलं तर राइनेकर म्हणजे चमत्कारच. 'डेअर कोमिसार' (१९६९–७६) या मालिकेचे सगळे ९७ भाग त्याचे. 'डेरिक' (१९७४–९८) चे सगळे २८१ भागही त्याचेच. म्हणजे दोन मालिकांचे मिळून ३७८ भाग, एकाच माणसाने लिहिलेले! 'डेरिक' तर शंभरहून जास्त देशांत विकली गेली.

आता सुरुवातीचं वर्ष जरा मागे सरकवा. राइनेकरचा जन्म १९१४ चा, हागेन शहरातला. नाझी काळात तो हिटलर युथच्या नियतकालिकांत काम करत होता. युद्धात वाफेन-एसएसचा युद्धवार्ताहर होता. १९४४ साली आलेल्या 'युंगे आडलर' या प्रचारपटाच्या लेखनात त्याचा हात होता. दिग्दर्शक होता आल्फ्रेड वाइडेनमान. दहा वर्षांनी, १९५४ मध्ये, हीच जोडी 'कानारिस' चित्रपट घेऊन येते. पुढे वाइडेनमान 'डेरिक'चे भागही दिग्दर्शित करतो.

म्हणजे १९४५ ला राजवट संपली, पण ओळखीपाळखी आणि कामाची साखळी संपली नाही. १९६९ पासून अभ्यास सुरू केला, तर ही साखळी आपल्याला दिसणारच नाही.

पण इथेच दुसरा खड्डा आहे. 'डेरिक'मध्ये अपराधीपणावर भरपूर बोललं जातं. लगेच म्हणावंसं वाटतं, 'बघा, भूतकाळ बोलतोय!' थांबा. हे गृहीतक आहे, पुरावा नाही. त्यासाठी पटकथांचे मसुदे, पत्रव्यवहार, राइनेकरचं १९९० चं आत्मकथन आणि त्याच काळातल्या इतर लेखकांच्या मालिका शेजारी ठेवून बघाव्या लागतील. विज्ञानात आपण कंट्रोल ठेवतो ना, अगदी तसंच.

आणखी एक गंमत बघा. २०१३ मध्ये डेरिकची भूमिका करणारा होर्स्ट टापर्ट वाफेन-एसएसमध्ये होता हे कागदपत्रांतून उघड झालं, आणि झेडडीएफ वाहिनीने पुनःप्रक्षेपण नको असं ठरवलं. लेखकाचा भूतकाळ मात्र त्याआधीच माहीत होता! माहिती असणं आणि तिचा प्रश्न होणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

तेव्हा प्रपोजलमधलं सुरुवातीचं वर्ष एकदा दहा वर्षं मागे नेऊन बघा. चित्र बदललं, तर ते वर्ष तुम्ही निवडलेलं नव्हतं, डेटाने तुमच्यासाठी निवडलं होतं.

तुमच्या विषयात ही रेष कुठे आहे? नक्की कळवा.