भोंगा थांबल्यावर



घरातल्या कुणाची नोकरी गेली की आपण आधी किराणा, भाडं, मुलांची फी यांचा हिशेब करतो. पण पगाराबरोबर आणखी काय जातं?

१८ जानेवारी १९८२. डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या गिरण्यांत संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही आणि हजारोंना पुन्हा काम मिळालं नाही. लालबाग-परळचं आयुष्य भोंग्यावर चालायचं. झोप, जेवण, भजन, सगळं पाळीप्रमाणे. काम गेलं आणि दिवसाची घडीच मोडली. कुणी कोकणात, साताऱ्याला गावी परतले. कितीतरी घरांत बायकांनी धुणीभांडी केली, पोळ्या लाटल्या, भाजी विकली.

याच्या सुमारे पन्नास वर्षं आधी ऑस्ट्रियातल्या मारिएनथाल गावातलीही कापडगिरणी बंद पडली होती. मारी याहोडा ही तरुण संशोधिका आपल्या सहकाऱ्यांबरोबर तिथं गेली. आपल्याला वाटेल, रिकाम्या वेळात लोक वाचत असतील. पण वाचनालयातून पुस्तकं नेणं उलट निम्म्यावर आलं. पुरुष रस्त्यातून रेंगाळत चालायचे, घड्याळ वापरेनासे झाले. बायका मात्र भरभर चालायच्या. त्यांचं घरकाम कुठं थांबलं होतं? तरीही गिरणीत काम केलेल्या बऱ्याच जणींना परत गिरणीत जायचं होतं, आणि तेही केवळ पैशासाठी नव्हे. याहोडांनी पुढे मांडलं, की काम माणसाला दिवसाची आखणी देतं, घराबाहेरची माणसं देतं आणि आपला कुणाला तरी उपयोग आहे ही जाणीव देतं.

आपल्या पुण्यात आज चाकणला कंत्राट संपलेला भाऊ आहे, अभ्यासिकेत वय वाढत चाललेली मुलं आहेत. तो चिडतो, उशिरापर्यंत लोळतो, लग्नकार्य टाळतो. याला आळस म्हणण्याची घाई करू नका. रोज संध्याकाळी ‘काय झालं?’ विचारण्यापेक्षा सकाळी एखादं ठरावीक काम सोपवा, चार माणसांत न्या.

आणि नोकरी तुमची गेली असेल तर? ‘बरं झालं, आता घराकडे बघ,’ असं म्हणून लोक मोकळे होतात. पण तुमचंही तेवढंच गेलेलं असतं. ते बोला. झोप उडाली, जगणं नकोसं वाटलं, तर १४४१६ या टेली मानस क्रमांकावर फोन करा. तो मोफत आहे, चोवीस तास चालतो आणि मराठीतून बोलता येतं.