पडद्यामागचे सूर

पोटापाण्यासाठी आम्ही फरीदाबादला आलो, तेव्हा सामान बेताचेच होते. कानांतले सूर मात्र बरोबर आले. कारखान्याच्या भोंग्यावर दिवस मोजणाऱ्या या नगरीत दूरदर्शनवर रविवारी दुपारी मराठी चित्रपट असला, की एका घरात चार कुटुंबे जमत. टाळमृदंगाचा पहिला ठेका कानी पडताच बोलणी आपोआप थांबत. सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने त्या सुरांच्या कर्त्यांचे स्मरण करणे उचित वाटते.

१९३२ साली कोल्हापुरात प्रभात कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट काढला. त्याचे संगीत गोविंदराव टेंबे यांचे, आणि हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांचीच. ‘मानापमान’ नाटकाच्या चालींनी गाजलेला हा पेटीवादक रंगभूमीचे संस्कार घेऊनच चित्रपटात आला. त्या काळी पार्श्वगायन रुळले नव्हते. नटाने कॅमेऱ्यासमोर गावे आणि साथीदारांनी चौकटीबाहेर दडून वाजवावे, अशी रीत होती. वाद्ये मोजकी, चूक झाली की सारे पुन्हा!

प्रभात पुण्यास आल्यावर केशवराव भोळे यांनी या कलेस निराळी दृष्टी दिली. ‘संत तुकाराम’ (१९३६) मध्ये शांताराम आठवले यांनी रचलेल्या अभंगास त्यांनी अशी वारकरी वळणाची चाल लावली, की पुष्कळांना तो तुकोबांचाच वाटला. दुसऱ्याच वर्षी शांतारामबापूंच्या ‘कुंकू’मध्ये पार्श्वसंगीताचा मोह टाळून रोजच्या जगण्यातल्या आवाजांवरच भिस्त ठेवण्यात आली. जरठाशी लग्न लावून दिलेल्या नीराचा कोंडमारा त्यामुळे अधिकच अंगावर येतो. कोठे वाजवावे याइतकेच कोठे थांबावे, हेही संगीतकाराने जाणले पाहिजे, हा त्यातला धडा.

प्रभातमध्येच उमेदवारी केलेल्या वसंत देसाई यांनी पुढे ‘अमर भूपाळी’ (१९५१) आणि ‘श्यामची आई’ (१९५३) यांना संगीत दिले. रामभाऊ कदमांनी ‘पिंजरा’त (१९७२) ढोलकीला बोलते केले. देवळात, माजघरात, फडावर वाजणारी वाद्ये या मंडळींनी पडद्यामागे नेली. म्हणूनच ती ऐकताना आम्हांस गाव आठवे.

आता एकाच यंत्रातून शंभर वाद्यांचे आवाज निघतात. त्याबद्दल तक्रार नाही. पण आमच्या गणेशोत्सवातील नाटकांनाही आम्ही तयार ध्वनिफिती लावू लागलो आणि मंडळाची पेटी कपाटात गेली, ही कबुली दिलीच पाहिजे. येथे जन्मलेल्या आमच्या मुलांनी मृदंग पडद्यावर ऐकला. त्याला शाई कशी लावतात, ते पाहिले नाही.

म्हणून एवढीच विनंती: यंदाच्या नाटकाला साथ आपल्याच मुलांची असावी. चुकतील, पुन्हा वाजवतील. टेंब्यांच्या साथीदारांनाही तेच करावे लागले होते.