मुक्या पडद्यावरचे ठोके

ज्या चित्रपटाला आवाजच नाही, त्यात काळजाचे ठोके कसे ऐकवायचे? १९१४ साली अमेरिकन दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ याच्यापुढे हा पेच होता. एडगर अ‍ॅलन पोच्या १८४३ मधील कथेत खुन्याला फरशीखाली पुरलेल्या मृताचे हृदय धडधडताना ऐकू येते. मुख्यतः या कथेवरून ग्रिफिथने ‘द अ‍ॅव्हेंजिंग कॉन्शन्स’ हा मूकपट काढला. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ येऊन तेव्हा जेमतेम सव्वा वर्ष झाले होते.

या मूकपटातला पुतण्या आपल्या प्रेमाच्या आड येणाऱ्या काकांचा गळा दाबतो आणि प्रेत भिंतीतल्या शेकोटीच्या जागी चिणतो. पुढे काकांचे भूत दिसू लागते. पण गेल्या मेच्या सुटीत हा मूकपट पाहताना मी शहारलो तो भुताने नव्हे. गुप्त पोलीस पुतण्याला प्रश्न विचारत बसला आहे. घड्याळाचा लंबक हलतो. पोलिसाची पेन्सिल टेबलावर आपटते, पाऊल जमिनीवर ताल धरते. ग्रिफिथ ही दृश्ये एकाआड एक दाखवत जातो. पुतण्याची बोटे वळतात, चेहरा पिळवटतो आणि अखेर त्याचा धीर सुटतो. ठोके कानांनी नव्हे, डोळ्यांनी ऐकू येतात.

मला आठवला माझाच वर्ग. वीसेक वर्षांपूर्वी सहलीची वर्गणी गहाळ झाली. संशय एका मुलावर आला. तो घरी कन्नड बोलणारा, मराठीत अडखळणारा. त्याला समोर उभे करून मी टेबलावर पेन्सिल आपटत राहिलो. तो घामाघूम झाला, रडला आणि ‘हो’ म्हणाला. चार दिवसांनी पैशांचे पाकीट माझ्याच खणात, जुन्या हजेरीपटाखाली सापडले.

मूकपटात प्रेक्षकांनी खून पाहिलेला असतो, म्हणून पुतण्याचा घाम त्यांना पुरावा वाटतो. मी काहीच पाहिले नव्हते. भीती आणि अपराध यांचा चेहरा पडद्यावर सारखाच दिसतो, वर्गातही.

हे सारे स्वप्न होते, असे अखेरीस दाखवून ग्रिफिथने पुतण्याची सुटका केली. मी पालकांना पाकीट सापडल्याचे कळवले, पण त्या मुलाची माफी मागितली नाही. जूनमध्ये त्याने शाळा बदलली. आता चौकशीला बसताना मी हातात पेन्सिल धरत नाही. भिंतीवरच्या घड्याळाचे मात्र काही करता येत नाही.