हरळी काढणारं शिवार आणि लॉनचं बी

मंडळी, मृगाची चाहूल लागली की इनबॉक्सला एक प्रश्न हमखास येतो. "दादा, घरापुढं लॉन करायचंय, बी कुठलं आणू?" सोलापूर-तुळजापूर रस्त्याला दोन्ही अंगांनी प्लॉट पडलेत, बंगले उठलेत. कंपाऊंड झालं, गेट लागलं, आता पुढं हिरवळ पाहिजे. मी बातमीदार माणूस, कृषी अधिकारी नाही. पण याचं उत्तर दुकानातल्या पाकिटावर मिळत नाही. ते थोडं इतिहासात आहे आणि बरंचसं आपल्याच बांधावर. म्हणून एकदाच सविस्तर लिहितो. पोस्ट लांब आहे, वेळ काढून वाचा.

आधी हे लॉन आलं कुठून ते बघू. आपल्याकडं अंगण होतं, शेणानं सारवलेलं. परसू होतं. मोगलांच्या बागा होत्या, पण त्यात पाण्याचे पाट, फुलझाडं, फळझाडं. नुसतं गवत राखायचं, ते जनावराला घालायचं नाही आणि कापून फेकून द्यायचं, ही कल्पना विलायतेची. तिकडं वर्षभर भुरभुर पाऊस असतो, ऊन मवाळ असतं, गवत आपोआप हिरवं राहतं. तरी तिथंही पूर्वी लॉन हे जमीनदारांचंच काम, कारण विळ्यानं एकसारखं कापायला मजुरांची फौज लागायची. १८३० साली एडविन बडिंग नावाच्या इंग्रजानं गवत कापायच्या यंत्राचं पेटंट घेतलं आणि मग मध्यमवर्गाच्या दारातही लॉन आलं. इंग्रज इथं आले ते ही आवड घेऊनच. कॅम्प, क्लब, जिमखाना, कलेक्टरचा बंगला, सगळीकडं हिरवळ. लॉर्ड कर्झन व्हाईसरॉय असताना तर ताजमहालाच्या बागेतली दाट झाडी गेली आणि तिथं इंग्रजी पद्धतीची हिरवळ आली. आज ताजचा फोटो बघताना ती हिरवळ मोगलांचीच वाटते.

आपल्या भागात सोलापूर इंग्रजांचं आणि तुळजापूर निजामाचं. राज्यं दोन, पण माळ आणि काळी दोन्हीकडं एकच, आणि गवताशी नातंही एकच. ते नातं भांडणाचं होतं.

काळ्या रानाचे तीन वैरी: हरळी, कुंदा आणि लव्हाळा. आमच्या पिढीतल्या बहुतेकांनी घरातल्या म्हाताऱ्यांकडून हरळीच्या गोष्टी ऐकल्यात. वरून उपटली तर तुटते, खाली मुळ्या तशाच राहतात. काळ्या जमिनीत त्या हातभर, कधी त्याच्याही खाली जातात. लाकडी नांगर तिथवर पोचायचा नाही. मग उन्हाळ्यात गडी लावून कुदळीनं रान खणायचं, मुळ्या वेचून ढीग करायचे, वाळवून जाळायचे. एक कांडी राहिली तरी पावसाळ्यात पुन्हा तयार. घराणं टिकून राहिलं की आपण 'हरळीच्या मुळीसारखं' म्हणतो, ते या अनुभवातून.

लक्ष्मणराव किर्लोस्करांनी गेल्या शतकाच्या सुरुवातीला लोखंडी नांगर काढला. लोखंडानं जमीन नासते असं म्हणून शेतकरी आधी तो घ्यायलाच तयार नव्हते. पुढं त्यांनी तो घेतला, त्यात हरळीचा वाटा मोठा. खोल नांगरट करून तिच्या मुळ्या वर काढून उन्हात टाकणारं ते हत्यार. पुढं ट्रॅक्टर आले, तणनाशकं आली. हरळी आहे तिथंच आहे.

आता गंमत बघा. दुकानात 'बर्म्युडा ग्रास' म्हणून जे पाकीट मिळतं, ती हीच हरळी. शास्त्रीय नाव सायनोडॉन डॅक्टिलॉन. गणपतीला वाहतो ती दूर्वाही हीच. जुन्या जगातलं हे गवत अमेरिकेत गेलं आणि तिथं त्याला बर्म्युडा बेटाचं नाव चिकटलं. जॉर्जिया राज्यातल्या टिफ्टन गावी ग्लेन बर्टन या शास्त्रज्ञानं साधी हरळी आणि आफ्रिकेतली तिची बारीक पानाची बहीण यांचा संकर करून गोल्फच्या मैदानासाठी नवे वाण काढले. 'टिफवे ४१९' हा त्यातला गाजलेला, १९६० चा. 'टिफड्वार्फ' त्यानंतरचा. टिफ म्हणजे टिफ्टन. आपल्याकडची क्रिकेटची मैदानंही बहुतेक हरळीच्याच कुळातली. म्हणजे आजोबांनी कुदळीनं खणून जाळलं ते गवत नातू ऑनलाइन मागवतोय, अन् वर डिलिव्हरी चार्ज भरतोय.

इथं एक व्यवहाराची गोष्ट लक्षात ठेवा. टिफवे, टिफड्वार्फ हे संकरित वाण वांझ आहेत, त्यांना बी धरत नाही. ते रोपांनी, काड्यांनी किंवा गालिच्याच्या तुकड्यांनीच लावावे लागतात. 'टिफवेचं अस्सल बी' म्हणून कोणी पाकीट दाखवलं तर सरळ पुढं चला. रोपवाटिकांत ज्याला मेक्सिकन, कोरियन म्हणतात ती गवतंही सहसा गालिच्याच्या रूपातच येतात. पुण्याजवळ उरुळी कांचन, सोरतापवाडीकडच्या रोपवाटिकांतून असे गालिचे गाड्या भरून जातात. योगायोग असा, की त्याच उरुळी कांचनला मणिभाई देसाईंनी १९६७ साली बायफ ही संस्था काढली आणि तिनं दुभत्या जनावरांबरोबर चाऱ्याच्या गवतांवरही मोठं काम केलं. एकाच गावातून एक गवत गोठ्यात जातं, एक बंगल्यापुढं.

आणि रंगीत पाकिटं? त्यावर रायग्रास, फेस्क्यू, केंटकी ब्लूग्रास अशी नावं असतात. फोटो झकास. ही सगळी थंड मुलखातली गवतं. दिवाळीनंतर टाकली तर उगवतात, जानेवारीपर्यंत डोळ्यांचं पारणं फेडतात. एप्रिलमध्ये पारा चाळीशी ओलांडतो आणि मग तुम्ही कितीही पाणी मारा, ती जळतात. विकणारा खोटं बोलत नाही, बी उगवतंच. फक्त आपला उन्हाळा त्याला कोणी सांगितलेला नसतो.

पाण्याचा हिशोब मात्र मांडायलाच हवा, कारण लॉन ही घरची बाब असली तरी बोअर गावच्याच पोटातून पाणी ओढतं. एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. मे महिन्यात लॉन हिरवंगार ठेवायचं तर रोज साधारण पाच मिलिमीटर लागतं. एक गुंठा म्हणजे १०१ चौरस मीटर. म्हणजे गुंठ्याला दिवसाला पाचशे लिटर. जलजीवन मिशनमध्ये माणशी दिवसाला ५५ लिटरचा हिशोब धरलाय. एका गुंठ्याचं लॉन नऊ माणसांचं पाणी पितं. पाच हजार लिटरचा टँकर दहा दिवसांत संपतो.

हा हिशोब मी उगाच काढलेला नाही. २०१६ चा एप्रिल आठवा. १२ एप्रिलला मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे शेजारच्या लातूरला पोचली, दहा वाघिणी, पाच लाख लिटर पाणी. दुसऱ्या दिवशी, १३ एप्रिलला, मुंबई उच्च न्यायालयानं आयपीएलचे ३० एप्रिलनंतरचे सामने महाराष्ट्राबाहेर न्यायला सांगितले, कारण मैदानं हिरवी ठेवायला लागणारं पाणी. वानखेडेवरची फायनल बंगळुरूला गेली. तेव्हा बरेच जण चिडले, की सामने हलवून आमच्या हंड्यात पाणी येणार आहे का? प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता, मुंबईचं पाणी काही लातूरला येत नव्हतं. पण हिरवळीला पाणी लागतं आणि ते कुठून येतं हे कोणीतरी विचारू शकतं, हे त्या दिवशी पहिल्यांदा एवढ्या मोठ्यानं बोललं गेलं. आणि अंदाज यावा म्हणून सांगतो, त्या रेल्वेतलं सगळं पाणी हजार गुंठे लॉन एका दिवसात पिऊन टाकेल. हजार गुंठे म्हणजे फक्त पंचवीस एकर. आपल्या पट्ट्यातली 'मंगल कार्यालय अँड लॉन्स' मोजा एकदा. (त्यातल्या काही ठिकाणी नावात लॉन्स आणि आत प्लास्टिकची हिरवी मॅट. पाण्याच्या दृष्टीनं तीच बरी म्हणायची.)

मग आपल्या भागाची स्वतःची गवतं कोणती? पवन्या, मारवेल, शेडा, डोंगरी आणि कुसळी. जनावरं राखणाऱ्या माणसाला पवन्या दाखवावा लागत नाही. यांचा शास्त्रशुद्ध अभ्यासही जुना आहे. पुण्याच्या कृषी महाविद्यालयात विल्यम बर्न्स यांनी कुलकर्णी आणि गोडबोले या सहकाऱ्यांबरोबर १९२० च्या दशकात मुंबई इलाख्यातल्या गवताळ रानांचा अभ्यास केला. चराई थांबवली तर माळावर काय काय उगवतं, हा त्यांचा विषय. त्याच काळात सेंट झेवियर्स कॉलेजचे फादर ब्लॅटर आणि चार्ल्स मॅककॅन इलाख्यातल्या सगळ्या गवतांची नोंद करत होते. तो ग्रंथ १९३५ साली निघाला, तेव्हा ब्लॅटर हयात नव्हते. पुण्याचेच आर. के. भिडे हेही मोठे गवततज्ज्ञ. सह्याद्रीत एक गवत आहे, भिडेया बर्न्सियाना. नावाचा पहिला भाग भिड्यांचा, दुसरा बर्न्सचा. आपल्याकडं रस्त्याला, चौकाला नावं देण्यावरून भांडणं होतात. गवताला नाव मिळालेला मराठी माणूस मात्र कोणाला ठाऊक नाही.

फार लांब जायला नको, नान्नज आपल्या शेजारीच आहे, सोलापूर-बार्शी रस्त्याला. ७२ च्या दुष्काळात चाऱ्यावाचून जनावरं गेली. त्यानंतर अवर्षणप्रवण क्षेत्र विकास कार्यक्रमातून माळावरचे काही तुकडे कुंपण घालून राखले. हेतू साधा होता, चारा व्हावा. गवत वाढलं आणि त्या गवतात माळढोक दिसू लागला. १९७९ साली अभयारण्य झालं, कागदावर साडेआठ हजार चौरस किलोमीटरचं. पुढं ते कमी केलं, कारण एवढ्या क्षेत्रात गावं, शेती, रस्ते, सगळंच आलं होतं. आज माळढोक दिसला तर बातमी होते. पण राखलेल्या तुकड्यात पवन्या अजून वाऱ्यावर डोलतो, पावसाळा सरता सरता एकदा जाऊन बघा. पाणी कोणी घालत नाही.

उलट बाजूही सांगतो. न तपासता आलेलं बी काय करतं, त्याचं उदाहरण आपल्या प्रत्येक बांधावर उभं आहे. गाजर गवत, म्हणजेच काँग्रेस गवत. १९५५ च्या सुमारास ते पहिल्यांदा पुण्यात दिसलं. परदेशातून आयात केलेल्या गव्हाबरोबर त्याचं बी आलं, असं मानतात. पांढऱ्या टोपीसारखी फुलं म्हणून काँग्रेस, असं लोक सांगतात. राजकारण बाजूला ठेवा, पण त्यानं किती रानं खाल्ली आणि किती जणांच्या अंगाला खाज आणली, हे सर्वपक्षीय आहे. लॉनसाठी ट्रॉलीभर लाल माती आणि अर्धवट कुजलेलं शेणखत टाकता ना, त्यातून हेच येतं, सोबत लव्हाळ्याच्या गाठी. बी निवडायला आठ दिवस घालवणारा माणूस माती मात्र फोनवर मागवतो.

तर आता माझं मत. घरापुढं चार-पाचशे फूट जागा असेल आणि ऊन भरपूर असेल तर हरळी लावा, दुसरं काही नको. उन्हाळ्यात पाणी तोडलं तर ती पिवळी पडेल, वाळल्यासारखी दिसेल. पाहुणे विचारतील. विचारू दे. रोहिणीचा एखादा पाऊस झाला की आठवड्यात पुन्हा फुटते. पाचशे लिटरचा जो हिशोब वर मांडला तो मेमध्ये हिरवं दिसायच्या हौसेचा आहे, हरळी जगवायचा नाही. झाडाच्या दाट सावलीत हरळी येत नाही, तिथं गवताचा हट्टच सोडा, फरशी किंवा पालापाचोळा बरा. जागा मोठी असेल, फार्महाऊस असेल, तर मारवेल लावा. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठानं मारवेलचे सुधारित वाण काढलेत. तो गालिच्यासारखा दिसणार नाही, गुडघ्याएवढा वाढेल, पण कापून कोणाच्या तरी गाईला देता येईल.

बीच पाहिजे असेल तर प्रमाण हेक्टरी ३० किलो, म्हणजे गुंठ्याला ३०० ग्रॅम. हरळीचं बी अतिशय बारीक, बारीक वाळूत मिसळून फेका, नाहीतर एकाच जागी पडतं. पाकिटावर उगवणशक्ती आणि तारीख बघून घ्या. जुनी पद्धत याहून स्वस्त: हरळीच्या मुळ्यांचे बोटभर तुकडे करायचे, शेण-मातीच्या काल्यात कालवायचे आणि ओल्या जमिनीवर पसरायचे. पहिल्या चांगल्या पावसानंतर केलं तर पाणीसुद्धा विकत घ्यावं लागत नाही. तुमचा प्लॉट कोणाच्या शेताला लागून असेल तर आधी बांधाकडेनं दीड-दोन फूट खोल विटांची ओळ किंवा पत्रा गाडा. तुमची हरळी त्याच्या सोयाबीनमध्ये शिरली तर ते भांडण ग्रामपंचायतीत मिटणार नाही.

आणि बी कुठं मिळेल ते शेवटी सांगतो. या दिवसांत कुठल्याही शिवारात जा, कोणी ना कोणी नांगरटीतनं निघालेली हरळी वेचून बांधावर ढीग लावलेला असतो. त्याला विचारा. दोन पोती भरून देईल, पैसे घेणार नाही, वर चहा पाजेल.