शाबासकी कोणी कोणाला द्यावी?

सेक्टर 2 मधले आमचे शेजारी काका कोक ओव्हनमधून निवृत्त झाले. गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतर पहिल्यांदाच ते मैत्रीबागेत फेरी मारून आले, तेव्हा हैदराबादच्या तेलुगू जावयाचा इंग्रजीतून निरोप आला: ‘कुडोस, बाबा!’ काकांनी मला अर्थ विचारला. मी बोलून गेले, ‘शाबासकी.’ काकांचा चेहरा पडला. ‘जावई सासऱ्याला शाबासकी देणार?’

भाषांतरावर पोट असलेल्या बाईची ही चूक. घरी येऊन कोश काढले.

मूळ शब्द ग्रीक, ‘कूदोस’. होमरच्या ‘इलियड’मध्ये ऐन लढाईत देव एखाद्या वीराला जे तेज, जी सरशी बहाल करतात, ते कूदोस. वीर गेल्यावर मागे राहते ते ‘क्लेओस’, म्हणजे लोकांच्या कानांवर येणारे नाव. हा शब्द आपल्या ‘श्रवण’च्याच कुळातला, वेदातली आणि होमरमधली ‘अक्षय कीर्ती’ शब्दशः जुळते, हे आडालबर्ट कून या जर्मन पंडिताने 1853 मध्येच दाखवले होते. आपली ‘कीर्ती’ मात्र ऐकण्यातून नव्हे, सांगण्यातून आली. ‘कीर्तन’ तिचे सख्खे भावंड.

इंग्रजीत कूदोस शिरला तो विद्यापीठांतल्या ग्रीक शिकणाऱ्या पोरांच्या थट्टेच्या बोलीतून. त्याचा अर्थ आधी नावलौकिक होता, पुढे नुसते कौतुक झाला. विसाव्या शतकात शेवटचा ‘स’ अनेकवचनाचा समजून अमेरिकेत ‘एक कुडो’सुद्धा निघाला. ‘पीज’ या एकवचनातून ‘पी’, म्हणजे वाटाणा, असाच सोलून निघाला होता.

हसायचे कारण नाही. फारसीतले ‘शाद बाश’ म्हणजे ‘आनंदी राहा’. दोन शब्दांचा तो आशीर्वाद दाबून ‘शाबास’ झाला, आपण वर ‘की’ लावून त्याचे नाम केले आणि ते पाठीवर थापटायला लागलो. पण पाठ थोपटायची ती धाकट्याची. मराठीत कौतुकालाही उतार असतो. कुडोसला तो नाही. साहेबाला, शिपायाला, सासऱ्याला, कोणालाही पाठवा. कोशात हा फरक दिसत नाही, कारण तिथे शब्दासमोर शब्द असतो, माणसासमोर माणूस नसतो.

संध्याकाळी काकांकडे गेले. म्हटलं, ‘काका, मघाशी चुकलं माझं. जावईबापू म्हणतात, मानलं तुम्हाला!’

काका काही बोलले नाहीत. चष्मा लावून त्यांनी तो निरोप पुन्हा उघडला.