इल-योंगची आई : एका दुय्यम भूमिकेचा इतिहास

रंगभूमी असो की पडदा, ‘दुय्यम भूमिका’ हा शब्द आपण फार सहजपणे वापरतो. दुय्यम म्हणजे कमी महत्त्वाची, कमी कष्टाची आणि म्हणूनच कमी मोबदल्याची, असा त्याचा अर्थ होऊन बसला आहे. हा अर्थ कितपत खरा आहे, याची तपासणी आम्ही आज एका दूरच्या देशातील अभिनेत्रीच्या कारकिर्दीवरून करणार आहोत.

कोरियन मालिका हल्ली आपल्याकडेही घरोघर मोबाइलवर पाहिल्या जातात. त्यांतील नायक-नायिकांची नावे आपल्या मुलींना तोंडपाठ असतात. परंतु नायकाच्या आईचे काम कोणी केले, हे सहसा कोणी विचारीत नाही. आमचे आयुष्य कामगारांच्या संघटनेत गेले असल्यामुळे असेल, आमची नजर प्रथम त्या आईकडेच वळली.

ही अभिनेत्री म्हणजे किम सू-मी. 1949 साली दक्षिण कोरियाच्या पश्चिम किनाऱ्यावरील गुन्सान या बंदराच्या गावी तिचा जन्म झाला. तिचे मूळ नाव किम यंग-ओक. पण याच नावाची, तिच्याहून वयाने मोठी असलेली एक अभिनेत्री या व्यवसायात अगोदरच होती. आपल्या नायिकेचे नाव झाले सू-मी. 1970 साली एम्. बी. सी. या दूरचित्रवाणी संस्थेने घेतलेल्या नटनट्यांच्या निवडीतून ती या धंद्यात आली. त्या काळी तेथील दूरचित्रवाणी संस्था परीक्षा घेऊन उमेदवार निवडीत आणि त्यांना आपल्याशी बांधून ठेवीत. नट हा त्या संस्थेचा, पण तो संस्थेचा नोकर मात्र नव्हे, अशी ही विलक्षण व्यवस्था होती. तिचा प्रश्न पुढे कसा उभा राहिला ते आपण पाहणारच आहोत.

दहा वर्षे अशी गेली आणि 1980 साल उजाडले. कोरियाच्या इतिहासात हे वर्ष काळे मानले जाते. मे महिन्यात ग्वांगजू शहरातील लोकांचा उठाव लष्कराने रक्तात बुडविला. चुन दू-ह्वान या सेनानीने सत्ता हाती घेतली. नोव्हेंबरात वृत्तपत्रे आणि प्रसारणसंस्था यांची सक्तीने जुळवाजुळव होऊन टी. बी. सी. ही खासगी वाहिनी सरकारी के. बी. एस. मध्ये विलीन करण्यात आली. अशा या धामधुमीत, 21 ऑक्टोबर 1980 रोजी, एम्. बी. सी.वर एक साधीसुधी मालिका सुरू झाली. तिचे नाव ‘जोनवोन इल्गी’, म्हणजे खेड्याची रोजनिशी. खेड्यातील एक प्रतिष्ठित शेतकरी किम, त्याची वृद्ध आई, बायको, मुले, सुना आणि शेजारीपाजारी, एवढाच तिचा पसारा. चोई बुल-आम हा किमचे आणि किम हे-जा ही त्याच्या पत्नीचे काम करी. शेजारच्या गरीब घरातील इल-योंग नावाच्या तरुणाची विधवा आई हे काम किम सू-मीच्या वाट्याला आले.

त्या वेळी तिचे वय सुमारे एकतीस होते आणि म्हातारी होती साठी ओलांडलेली! तिच्या मुलाचे काम करणारा पार्क उन-सू हा नट तर जवळपास तिच्याच वयाचा होता. ज्या वयात नटी नायिकेच्या भूमिकेची वाट पाहते, त्या वयात हिने डोक्यावर पांढऱ्या केसांचा टोप चढविला, पाठीला बाक आणला, आवाज चिरका केला आणि कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. या म्हातारीचे स्वतःचे नाव मागेच पडले. सारे गाव तिला ‘इल-योंगची आई’ म्हणे. मुलाच्या नावाने आईला हाक मारण्याची रीत कोरियात आहे तशी ती आपल्याकडेही आहे; तेव्हा त्यातला जिव्हाळा आणि त्यातले पुसले जाणे, ही दोन्ही आपणांस निराळी समजावून सांगायला नकोत. आधी व्यवसायाने एक नाव बदलले, मग भूमिकेने दुसरे झाकले.

मालिका आठवड्यातून एकदा लागे. ती किती दिवस चालावी? 29 डिसेंबर 2002 पर्यंत, म्हणजे बावीस वर्षे, 1088 भाग! मालिका संपली तेव्हा सू-मी त्रेपन्न वर्षांची होती. म्हातारीच्या सुरुवातीच्या वयापर्यंतही ती अजून पोचली नव्हती.

ही म्हातारी लोकांना इतकी आपली का वाटली? याचे उत्तर कोरियाच्या सामाजिक इतिहासात शोधले पाहिजे. 1960 साली त्या देशात शंभरांपैकी सुमारे अठ्ठावीस माणसे शहरांत राहत होती. 1980 साली हा आकडा सत्तावन्नाच्या आसपास गेला आणि 1990 साली सुमारे चौऱ्याहत्तरावर. एका पिढीत गावेच्या गावे कारखान्यांच्या दाराशी येऊन उभी राहिली. संध्याकाळी कामावरून परतलेला सोलमधला कामगार पडद्यावर पाही ते मागे सोडून आलेले अंगण. प्रतिष्ठित किमच्या घरात त्याला आदर्श दिसत असेल. पण हेका धरणारी, कुरकुरणारी, भांडणारी आणि मुलासाठी झिजणारी इल-योंगची आई ही त्याची स्वतःची आई होती. नायक-नायिका माणसाला काय व्हावेसे वाटते ते दाखवितात. तो कोठून आला ते बहुधा दुय्यम पात्रेच दाखवितात.

1986 साली एम्. बी. सी.च्या वार्षिक अभिनय-पुरस्कारांतील सर्वोच्च मान सू-मीला मिळाला, आणि तो याच म्हातारीच्या भूमिकेसाठी. नायिकेच्या वाटेने न जाता ती शिखरावर पोचली. पुढेही तिच्या वाट्याला म्हाताऱ्याच आल्या. पण त्या तिने लोळण घेऊन हसविणाऱ्या केल्या. 2005 साली ‘मापादो’ या चित्रपटातील बेटावरच्या म्हाताऱ्यांत ती होती. त्याच वर्षी गुंडांच्या घराण्याची कर्ती आई म्हणूनही ती गाजली. 2011 साली तिला चित्रपटातील सहाय्यक अभिनेत्रीचा ‘ब्लू ड्रॅगन’ पुरस्कार मिळाला, तर 2018 साली स्वयंपाकाच्या कार्यक्रमात ती देशाला कालवणे शिकवीत होती. 25 ऑक्टोबर 2024 रोजी, वयाच्या पंचाहत्तराव्या वर्षी, ती वारली. तिच्या मृत्यूच्या वार्तेत लोकांनी पहिली आठवण काढली ती ‘इल-योंगच्या आई’चीच.

येथे कोणी म्हणेल, “मग तक्रार कसली? दुय्यम भूमिकेचेही चीज झालेच की!” श्रोतेहो, हा युक्तिवाद आम्ही आयुष्यभर ऐकत आलो आहोत. एका कामगाराला शाबासकी मिळाली, की उरलेल्या हजारांचा प्रश्न सुटला असे मानण्याची मालकवर्गाची जुनी सवय आहे. सू-मीला मान मिळाला. तिच्यामागे उभ्या असलेल्या शेकडो काका, मावश्या, मोलकरणी, दुकानदार आणि शिपाई यांचे काय?

त्यांच्यासाठी तेथे श्रेणींची उतरंड आहे. बालनटांना पहिली ते पाचवी, प्रौढांना सहावी ते अठरावी श्रेणी; आणि श्रेणीप्रमाणे दर दहा मिनिटांच्या प्रसारणामागे मेहनताना. आपल्या नाटकवाल्यांची प्रयोगामागची ‘नाइट’ असते, त्याच जातीचा हा हिशेब : भाग लागला तर पैसा, भूमिका संपली तर चूल थंड. तारे-तारका मात्र या उतरंडीच्या बाहेर. त्यांचा करार स्वतंत्र आणि आकडा त्यांच्या तोंडचा.

1987 साली कोरियात लोकशाहीसाठी प्रचंड आंदोलन झाले आणि पाठोपाठ कारखान्याकारखान्यांतून संपांची लाट उठली. त्या एका वर्षात तीन हजारांहून अधिक औद्योगिक तंटे झाले. त्याच लाटेत, 1988 साली, दूरचित्रवाणीच्या नटांनी आपली संघटना उभारली. पण मालकाचा चेहराही बदलत होता. 1991 साली एस्. बी. एस्. ही खासगी वाहिनी आली आणि बाहेरच्या संस्थांकडून कार्यक्रम करवून घेण्याचा नियमही त्याच वर्षी आला. नट काम करी वाहिनीच्या पडद्यावर; पैसे देण्याची जबाबदारी मात्र मधल्या निर्मात्याची. हा निर्माता बुडाला की नटाची बिदागीही बुडाली. आमच्याकडील कंत्राटी कामगाराला ही गोष्ट नव्याने सांगण्याची आवश्यकता नाही. थकलेल्या मेहनतान्यासाठी 2010 साली आणि पुन्हा 2012 साली संघटनेला चित्रीकरणावर बहिष्काराचे हत्यार उपसावे लागले.

अखेर मूळ प्रश्न न्यायालयात गेला : नट हा कामगार आहे काय? के. बी. एस.शी स्वतंत्र वाटाघाटी करण्याचा हक्क संघटनेने मागितला, तेव्हा कामगार आयोगाने तो नाकारला. नट हे कामगारच नव्हेत, असे त्याचे म्हणणे. ऑक्टोबर 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला, की संघटनेच्या कायद्याच्या दृष्टीने दूरचित्रवाणीचे नट हे कामगारच होत. भूमिका वाहिनी ठरविते, वेळ आणि जागा वाहिनी नेमते, दिग्दर्शक सांगेल तसे काम करावे लागते आणि पोट त्या मेहनतान्यावर भरते. मग त्यांना दुसरे काय म्हणावे? संघटना स्थापन झाल्यापासून एवढे एक वाक्य पदरात पडायला तीस वर्षे लागली.

कलेला श्रम म्हटल्याने कलेचा अपमान होतो, असे मानणारे सज्जन आपल्याकडेही पुष्कळ आहेत. त्यांना आमची विनंती एवढीच, की त्यांनी 1088 भाग मोजावेत. बावीस वर्षे, आठवड्यामागून आठवडा, टोप चढवून आणि पाठ वाकवून एक बाई कामावर हजर होत होती. प्रतिभा तिच्याजवळ होतीच. पण ती प्रतिभा लोकांच्या घरी पोचली ती या हजेरीच्या बळावर. म्हणून पुढच्या वेळी पडद्यावर नायकाला भाकरी वाढणारी आई दिसली, तर शेवटी सरसर वर जाणाऱ्या नामावळीत तिचे नाव शोधावे. तिचे पैसे वेळेवर मिळतात काय, हा प्रश्नही तिच्या अभिनयाइतकाच विचारण्यासारखा आहे.